हप्ता नंतर, आधी एकूण किती जाणार ते काढा : गावात घरासाठी पहिल्यांदा लोन घेणाऱ्यांसाठी

तालुक्याच्या गावी माझं झेरॉक्स अन् ऑनलाईन फॉर्मचं छोटं दुकान आहे, त्यामुळे बँकेत जाणारी अर्धी कागदं आधी माझ्या काचेखालून जातात. मागच्या महिन्यात आमच्याच गावचा एक पोरगा सँक्शन लेटरच्या तीन कॉप्या काढायला आला, पंधरा लाख, नऊ टक्के, वीस वर्षं. मला म्हणे, "दादा, हप्ता तेरा हजार चारशे शहाण्णव, जमते ना गा एवढा?" मी म्हटलं जमेल बाप्पा, पण एकूण किती भरशील? तर गप्प. मग म्हणे, "ते तं कोणी सांगतलंच नाही, मॅनेजर म्हणे हप्ता झेपते तुले."

मी त्याला कॅल्क्युलेटर दिला. तेच सगळं इथं लिहून ठेवतो, कारण हा प्रश्न घेऊन महिन्यातून दोन-तीन जण तरी येतात.

पहिलं काम : हप्ता गुणिले महिने

१३,४९६ गुणिले २४०. उत्तर येते ३२ लाख ३९ हजार. त्यातून घेतलेले १५ लाख वजा करा, उरले १७ लाख ३९ हजार, हे निव्वळ व्याज. म्हणजे घर एक बांधायचं अन् पैसे दोन घरांचे मोजायचे, वरून दोन-अडीच लाख जास्तीचे.

आता मुदत बदलून पहा. हेच पंधरा लाख पंधरा वर्षांसाठी घेतले तर हप्ता १५,२१४ अन् व्याज १२ लाख ३९ हजार. दहा वर्षांसाठी हप्ता १९,००१, व्याज ७ लाख ८० हजार. तीस वर्षांसाठी घेतलं तर हप्ता १२,०६९ वर येतो, ऐकायला बरं वाटते, पण व्याज होते साडेअठ्ठावीस लाखाच्या आसपास. वीसची तीस वर्षं केल्यावर हप्ता फक्त चौदाशे-साडेचौदाशेनं कमी झाला अन् व्याज अकरा लाखानं वाढलं, हे एकदा डोळ्यानं पाहिलं की "मुदत वाढवून घ्या, हप्ता हलका होते" असं कोणी म्हटलं की आपोआप कान टवकारतात.

दुसरं : आपल्या पिकात मोजा

पगारदाराला हप्ता म्हणजे पगाराचा एक तुकडा, पण कास्तकाराला महिन्याच्या महिन्याला पैसा येत नाही, सोयाबीन दिवाळीच्या आगेमागे, कापसाचे चुकारे (माल विकल्याचे पैसे) डिसेंबर-जानेवारीत, तूर-चना त्याच्यानंतर, अन् हप्ता मात्र जूनमध्ये बियाणं-खत घ्यायच्या वेळेसही पाच तारखेला उभा. म्हणून मी लोकांना सांगतो की वर्षाचा हप्ता क्विंटलमध्ये काढा. १३,४९६ गुणिले बारा म्हणजे वर्षाचे १ लाख ६२ हजार. २०२५-२६ चा सोयाबीनचा हमीभाव ५,३२८ धरला तरी तीस क्विंटलच्या वर सोयाबीन फक्त बँकेत. एकरी सहा क्विंटल झालं तर पाच एकराचं सगळं पीक, अन् त्यात लावणीचा, फवारणीचा, मजुरीचा खर्च धरलाच नाही. आणि हमीभावाने माल जाते का, हे मी विदर्भातल्या माणसाला सांगायची गरज नाही.

एक जण मला म्हणाला, वीस वर्षांनी पैशाची किंमत राहत नाही, आज जड वाटते तो हप्ता पुढं चिल्लर होईल. पगारदारासाठी हे बरंचसं खरं आहे, त्याचा महागाई भत्ता वाढत राहतो. पण आमचं काय? २०२१ च्या ऑगस्टमध्ये सोयाबीन दहा हजारावर गेलं होतं, अन् २०२४ मध्ये हमीभावच ४,८९२, बाजारात त्याच्याही खाली. ज्याचं उत्पन्न असं वरखाली होते त्यानं "पुढं हलकं होईल" या भरवशावर वीस वर्षांची सही करू नये, असं माझं मत.

तिसरं : व्याज कसं लागते ते एकदा हातानं करून पहा

नऊ टक्के वर्षाला म्हणजे आपल्या भाषेत शेकडा बारा आणे, शंभर रुपयाला महिन्याला पंचाहत्तर पैसे. सावकार शेकडा दोन-तीन रुपये लावते त्यापुढं हे काहीच नाही, म्हणून लोकांना स्वस्त वाटते, अन् दर स्वस्त आहेच. महाग आहे ती मुदत.

पहिला महिना : १५ लाखावर बारा आण्यानं ११,२५० रुपये व्याज. हप्ता १३,४९६. मुद्दलातून गेले फक्त २,२४६. दुसऱ्या महिन्यात शिल्लक १४,९७,७५४, त्यावर व्याज ११,२३३, मुद्दलात गेले २,२६३. सतरा रुपये जास्त! अशीच गाडी चालते. पाच वर्षांनी तुम्ही ८ लाख १० हजार भरलेले असता अन् शिल्लक असते १३ लाख ३० हजार. दहा वर्षांनी, म्हणजे बरोबर अर्धी मुदत झाल्यावर, सव्वासोळा लाखाच्या जवळपास भरलेले असतात अन् शिल्लक अजून १० लाख ६५ हजार. इथं लोकांना वाटते बँकेनं फसवलं. फसवलेलं नसते, हिशोबच तसा असते, शिल्लक मोठी असते तोवर व्याजच हप्ता खाते. मुद्दलाहून व्याज गोड असं आपले म्हातारे नातवंडांबद्दल म्हणतात, बँकेलाही तसंच वाटत असावं.

सही करायच्या आधी बँकेला सांगा की मला महिन्याप्रमाणे पूर्ण तक्ता द्या, कोणत्या महिन्यात किती व्याज, किती मुद्दल, किती शिल्लक. त्याला परतफेडीचं शेड्यूल म्हणतात. सोबत आणखी एक कागद मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून असं कर्ज घेणाऱ्या प्रत्येकाला बँकेनं "की फॅक्ट स्टेटमेंट" द्यायचं असते, त्यात व्याज अन् सगळी फी मिळून वर्षाला खरा दर किती पडते तो आकडा असते, त्याला एपीआर म्हणतात. दोन बँकांची तुलना करायची तर बोर्डावरच्या दराची करू नका, या आकड्याची करा.

चौथं : फ्लोटिंग रेट, म्हणजे माझी स्वतःची गोष्ट

मी २०२१ मध्ये १२ लाख घेतले, सात टक्के फ्लोटिंग, म्हणजे मधेच बदलणारा दर, वीस वर्षं, हप्ता ९,३०४. तेव्हा रेपो रेट, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दरानं बँकांना पैसे देते तो, चार टक्के होता अन् सगळे म्हणत होते आताच घे, एवढं स्वस्त परत भेटणार नाही. ते खरंच निघालं. मे २०२२ पासून रेपो वाढायला लागला अन् फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर गेला, माझा दर साडेनऊ. हप्ता मात्र तेवढाच कटत होता म्हणून मी निवांत. मग एक दिवस सहज स्टेटमेंट काढलं तर महिन्याचं व्याजच नऊ हजार दीडशेच्या वर, मुद्दलात जात होते शे-दीडशे रुपये. त्या हिशोबानं किती महिने लागतील म्हणून कॅल्क्युलेटरवर काढलं तर पाचशे वीसच्या वर आले, त्रेचाळीस वर्षं! माझं वय तेव्हा अडतीस. बँकेचा मेसेज आला असेल, मी वाचला नसेल, पण बोलावून कोणी सांगितलं नाही हे नक्की.

म्हणून हे पक्कं लक्षात ठेवा : फ्लोटिंगमध्ये दर वाढला की दोनच रस्ते असतात, हप्ता वाढते नाहीतर मुदत वाढते, अन् तुम्ही काही बोलला नाही तर बहुतेक वेळा मुदत वाढते कारण ती दिसत नाही. तुमच्या पंधरा लाखाचा दर पहिल्या दिवसापासून नऊऐवजी दहा झाला अन् हप्ता तोच राहिला तर २४० चे ३१४ महिने होतात, सहा वर्षं जास्त. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं नियम काढला की दर बदलताना बँकेनं ग्राहकाला कळवायचं अन् विचारायचं, हप्ता वाढवता की मुदत की दोन्ही थोडं थोडं, फिक्स दरावर जायचा पर्याय द्यायचा की नाही हे मात्र बँकेच्या धोरणावर असते. मी अर्ज देऊन हप्ता बारा हजार करून घेतला, बाकी मुदत सव्वापंधरा वर्षांवर आली. त्या वर्षी घरात एक-दोन गोष्टी अडल्या, बायको अजून ऐकवते, पण त्रेचाळीस वर्षांपेक्षा बरं.

पुढं २०२५ मध्ये रेपो चार वेळा कमी होऊन डिसेंबरात सव्वापाचवर आला. दर उतरतो तेव्हा बँकेनं हप्ता कमी करून देतो म्हटलं तर नाही म्हणा, हप्ता तोच ठेवा अन् मुदत कापा. आणि एक, ऑक्टोबर २०१९ पासून मोठ्या व्यापारी बँकांचं नवीन फ्लोटिंग घरकर्ज रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधलेलं असते म्हणून उतरला की लवकर मिळते. फायनान्स कंपन्या, पतसंस्था यांना ते बंधन नाही, तिथं चढताना दर लवकर चढते अन् उतरताना सावकाश उतरते. त्यांच्याकडून घेताना हे विचारून घ्या की तुमचा दर कशाला बांधलेला आहे.

पाचवं, अन् गावात सगळ्यात महाग पडणारं : कागद

शहरातला माणूस दरावर घासाघीस करते, आपल्याकडे प्रश्न वेगळा आहे, बँक लोनच देत नाही कारण जागेचे कागद तिला चालत नाहीत. गावठाणातलं आजोबाचं घर, नाव अजून आजोबाचंच, हातात फक्त ग्रामपंचायतचा नमुना आठ, अन् तो मालकीचा पुरावा नाही, कराची नोंद आहे. नाहीतर धुऱ्याजवळ वावरात घर बांधायचं, जमीन एनए (बिगरशेती) नाही. मोठी बँक फाईल परत करते. मग कोणीतरी फायनान्सवाला घरी येते, बसायला खुर्ची द्या, चहा द्या, अन् तो म्हणते कागदाचं पाहून घेऊ, फक्त तेरा टक्के.

फक्त तेरा! पंधरा लाख, वीस वर्षं, तेरा टक्क्यानं हप्ता १७,५७४ अन् एकूण भरणा ४२ लाख १८ हजार. नऊ टक्क्यात ३२ लाख ३९ हजार होते. फरक पावणेदहा लाखाच्या वर. म्हणजे ज्या वारस फेरफारासाठी तलाठ्याकडे चार चकरा मारायचा कंटाळा केला त्याची किंमत पावणेदहा लाख.

म्हणून लोनचा विचार डोक्यात आला त्या दिवशी बँकेत जाऊ नका, आधी कागदाच्या मागं लागा, सहा महिने गेले तरी चालतील. वारसाची नोंद करून घ्या, भावांचं वाटणीपत्र रजिस्टर करा, एनए लागत असेल तर ते. गावठाणात असाल तर स्वामित्व योजनेत ड्रोननं मोजणी झाली का अन् तुमच्या घराचं प्रॉपर्टी कार्ड निघालं का ते विचारा, ही योजना २०२० पासून चालू आहे, बऱ्याच गावांत कार्डं निघाली आहेत अन् लोकांनी ती ट्रंकेत टाकून दिली आहेत. राहायचं घर फक्त घरातल्या बाईच्या नावानं विकत घेतलं तर महाराष्ट्रात स्टँप ड्युटीत एक टक्का सूट आहे, अन् काही बँका बाई अर्जदार असली तर व्याजही थोडं कमी लावतात, तेही विचारा.

आणि पीककर्ज थकलेलं असेल तर सिबिल (आधीच्या कर्जफेडीची नोंद) आधी पहा. कर्जमाफीत नाव आलं म्हणून सगळं साफ झालं असं धरू नका, बँकेच्या रेकॉर्डला खातं बंद दिसते का ते तपासा अन् बेबाकी दाखला (काही बाकी नाही असा बँकेचा कागद) घेऊन ठेवा.

सहावं : फ्लॅट रेटचा सापळा

एखादा एजंट म्हणेल तीन लाख देतो, बारा टक्के फ्लॅट, पाच वर्षं. फ्लॅट म्हणजे तुम्ही मुद्दल फेडत राहिला तरी व्याज पूर्ण तीन लाखावरच, पाच वर्षं. वर्षाचे ३६ हजार, पाच वर्षांचे १ लाख ८० हजार, हप्ता आठ हजार. बँकेच्या घटत्या शिल्लकीच्या हिशोबात हा दर वीस टक्क्यांच्या वर पडते. विचारायचा प्रश्न एवढाच : "रिड्युसिंग (घटत्या शिल्लकीवर) आहे का फ्लॅट?" उत्तर फिरवून आलं तर उठा.

सातवं : वरचे खर्च

प्रोसेसिंग फी अर्धा टक्का धरा, पंधरा लाखावर साडेसात हजार, वर अठरा टक्के जीएसटी, झाले ८,८५०. वकिलाचा सर्च रिपोर्ट, व्हॅल्युएशनवाल्याची फी, गहाणाचा स्टँप. हे एकदाचे असतात, जातात अन् विसरतात.

विमा मात्र विसरू नका. सही करायच्या दिवशी टेबलावर लोनसोबत विम्याचा फॉर्म येते, पन्नास हजाराचा एकरकमी प्रीमियम, अन् म्हणतात खिशातून काही द्यायचं नाही, लोनमध्येच टाकून देतो, हप्ता फक्त साडेचारशेनं वाढेल. साडेचारशे गुणिले २४० करा, एक लाख आठ हजार. कमावत्या माणसाच्या मागं घरच्यांवर लोन पडू नये म्हणून विमा पाहिजेच, मी नको म्हणत नाही, पण तोच, त्याच कंपनीचा, एकरकमीच घेतला पाहिजे असा काही नियम नाही. वेगळा टर्म इन्शुरन्स घेऊन वर्षाला प्रीमियम भरता येतो, आधी त्याचा भाव काढा अन् मग ठरवा.

बांधकामाचं लोन असेल तर पैसे टप्प्यानं भेटतात, प्लिंथ, स्लॅब, प्लास्टर असं. पूर्ण हप्ता सुरू होईपर्यंत उचललेल्या रकमेवर नुसतं व्याज भरावं लागते, पाच लाख उचलले असतील तर नऊ टक्क्यानं महिन्याला ३,७५० अन् मुद्दल एक रुपया कमी होत नाही. म्हणून काम लांबणं म्हणजे सरळ पैसा जाणं. आपल्याकडे ते लांबतेच : काळी माती पावसात फुगते अन् उन्हाळ्यात भेगाळते, कॉलमचे गड्डे मुरूम लागेपर्यंत खाली न्यावे लागतात अन् इस्टिमेटमध्ये मिस्त्रीनं तेवढी खोली धरलेली नसते, एप्रिल-मेमध्ये तराई मारायला पाणी नसते तर टँकर. माझा पायाच इस्टिमेटच्या दीडपट गेला. लोन मागताना इस्टिमेट पायाच्या पुढून नाही, पायापासून तपासा, नाहीतर स्लॅबपर्यंत येऊन पैसे संपतात अन् मग अर्ध्या घरावर महागाचं दुसरं लोन.

टॅक्सचं लोक विचारतात. नोकरदारानं जुनी टॅक्स पद्धत घेतली असेल तर स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखापर्यंत वजावट भेटते, नव्या पद्धतीत ती नाही. निव्वळ शेतीचं उत्पन्न असेल तर त्यावर इन्कम टॅक्सच नाही, म्हणजे वाचायला काहीच नाही. तेव्हा "टॅक्स वाचते म्हणून लोन घ्या" हे कास्तकाराला कोणी सांगत असेल तर त्याला चहा पाजून रवाना करा.

आठवं : चुकारा आला की बँकेत

इथं मात्र हंगामी पैसा येणं आपल्या फायद्याचं आहे. फ्लोटिंग रेटचं घरकर्ज माणसाच्या नावावर असेल तर मधेच जास्तीचे पैसे भरायला दंड लागत नाही. पंधरा लाखाच्या लोनमध्ये पहिलं वर्ष संपताच एक लाख जास्तीचे भरले अन् हप्ता तोच ठेवला, तर जवळजवळ छत्तीस हप्ते कमी होतात, चार लाख ऐंशी हजाराचे. तोच एक लाख पंधरा वर्षं झाल्यावर भरला तर अकरा हप्ते कमी होतात, दीड लाखाचे. पैसा तोच, फक्त वेळ वेगळी.

एवढी मोठी रक्कम एकदम नसेल तर दरवर्षी कापसाच्या चुकाऱ्यातून फक्त एक हप्ता जास्त भरा. वीस वर्षांचं लोन साडेसोळा वर्षांत संपते अन् साडेतीन लाखाच्या आसपास वाचतात. भरताना काउंटरवर लेखी द्या की ही रक्कम मुद्दलात टाका अन् मुदत कमी करा, नुसती खात्यात भरली तर ती पुढच्या हप्त्यासाठी पडून राहते, हे आमच्या गावात एकासोबत झालेलं आहे, आठ महिने पैसे तसेच होते.

पण एक अट. सहा महिन्याचे हप्ते बाजूला असल्याशिवाय अन् पुढच्या खरिपाचं बियाणं-खत हाताशी असल्याशिवाय जास्तीचे भरू नका. बँकेत भरलेला पैसा जूनमध्ये परत भेटत नाही, मग तोच माणूस बारा आण्याचं फेडून शेकडा तीननं उचलते. असे मी पाहिले आहेत.

शेवटी, लोन संपल्यावर

शेवटचा हप्ता गेला म्हणजे झालं असं नाही. बेबाकी दाखला घ्या, जागेच्या उताऱ्यावर बोजा चढवलेला असेल तर तो कमी करून घ्या. डिसेंबर २०२३ पासून नियम आहे की पूर्ण फेड झाल्यावर तीस दिवसांत मूळ कागद परत द्यायचे, बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये बँकेनं ग्राहकाला द्यायचे. हे मागायला मात्र तुमच्याकडे पुरावा पाहिजे की कोणते कागद दिले होते. म्हणून लोन घेतानाच बँकेच्या शिक्क्याची कागदांची यादी घ्या, किती पानं, कोणत्या तारखेचं खरेदीखत, सगळं लिहिलेली.

तो पोरगा दुसऱ्या दिवशी परत आला होता. पंधराचे अकरा लाख करतो म्हणे, वरचा मजला नंतर पाहू, अन् आजोबाच्या नावाचा फेरफार टाकायला काय काय लागते ते विचारत होता. त्याला यादी काढून दिली, झेरॉक्सचे पैसे घेतले नाहीत.